हसऱ्या वाफेचा नकाशा

शहरात जादूच्या वाफा रोज जागा बदलतात. कोणती कुठे आहे ते शोधून नकाशावर रंगवायचं, हे आमच्या मंडळाचं काम. तीस वर्षांत माझं नाक निबर झालंय, म्हणून मी लोकांची तोंडं बघून वाफ ओळखते.

त्या आठवड्यात हसवणारी वाफ सुटली होती. मी बेकरीत शिरले, बेकरीवाला हसायला लागला. पोस्टात तेच, दवाखान्यातही तेच. सगळीकडे पिवळा रंग भरून, शेजारी वेळा टिपून मी नकाशा ऐटीत प्रमुखांपुढे ठेवला.

"बाई, ही वाफ सकाळी तुमच्या दारातून निघते, दुपारी तुमच्या बहिणीकडे जेवते आणि संध्याकाळी घरी परतते. हा नकाशा वाफेचा की तुमचा?"

मी भांडायला तोंड उघडणार, तोच ते स्वतःच खो खो हसत सुटले. वाफ माझ्या कोटातच अडकली होती! काखेत कळसा आणि गावाला वळसा.

"कोट झटका," ते डोळे पुसत म्हणाले. "नियम आहे."

"झटकते की," मी गळ्यापर्यंत बटणं लावत म्हटलं. "आधी धाकट्या जावेकडे जाऊन येते. सहा वर्षं ती माझ्याशी बोललेली नाही."