वजन तेवढंच

मी उजव्या मांडीतला स्नायू बोलतोय. हाडाचं नाव माणसं निदान मोडल्यावर तरी घेतात. माझी चौकशी आजवर कुणी केली नाही. म्हणून तोंड नसतानाही बोलायची वेळ आली.

मी घडलो तो मारहाणीत. मालक विसाव्या वर्षी मटणाच्या दुकानात लागले. अख्खा सोललेला बोकड खांद्यावर घ्यायचा, तीन पायऱ्या चढायच्या आणि आकड्याला टांगायचा. पायरीगणिक माझे धागे फाटत. विश्रांतीत शरीर ते शिवून काढी आणि शिवताना जरा जाड करी. माझं शिक्षण म्हणतात ते एवढंच.

एकदा दुकानासमोर एका दारुड्यानं मालकीणबाईंचा हात धरला. तेव्हा मालकांनी घातलेली लाथ माझी होती. दारुडा रस्ता ओलांडून पलीकडच्या गटारात पोचला, आणि त्यात त्याला एकही पाऊल टाकावं लागलं नाही.

पासष्टीला मालकांनी तापानं तीन आठवडे अंथरूण धरलं. दुकान मुलानं घेतलं आणि घरात मायेला ऊत आला. पाण्याचा तांब्या उचलला की सून धावायची, "बाबा, तुम्ही बसा." पिशवी घेतली की मुलगा हिसकावायचा, "बसा ना बाबा, मी आहे ना!" बसायला असा गुबगुबीत सोफा आणला, की त्यातून उठणं म्हणजे विहिरीतून वर येणं. दात गेल्यामुळे मांस खाणं सुटलं. चाळीस-पंचेचाळीस वर्षं गल्लीला मांस पुरवणारा माणूस चहात पाव बुडवून जगू लागला.

पोटाला जे मिळेना, ते शरीर घरातूनच कापून घेऊ लागलं. सत्तूर दिसत नव्हता, पण माझे तुकडे पडत होते. आधी गेले ते झटक्याच्या कामाचे धागे, लाथ मारणारे, तोल सावरणारे. वयानं हे सगळ्यांचं थोडंथोडं होतंच. पण बसून राहणाऱ्याच्या अंगात ते दरोडा पडल्यासारखं होतं. रिकाम्या झालेल्या जागेत चरबी शिरली आणि ठाण मांडून बसली.

मालक मात्र खुशीत. महिन्यातून एकदा काट्यावर उभे राहायचे आणि ओरडायचे, "बघ गं, बहात्तर किलो! दुकान सोडलं तेव्हा होतो तेवढाच आहे."

"मग सोफ्यातून उठताना मला का ओढता?"

"गुडघे कुरकुरतात गं."

ठपका गुडघ्यांवर गेला. मी आतल्या आत मरत होतो.

मग ती दुपार आली. मालकीणबाई स्टुलावर चढून माळ्यावरची काचेची बरणी काढत होत्या. स्टूल सरकलं, बरणी फुटली आणि त्या काचांवर हात टेकून पडल्या. मनगट फाटलं. रक्त भिंतीवर उडालं.

"अहो! या हो लवकर!"

मुलगा-सून दुकानावर. सोफ्यापासून स्वयंपाकघर पंधरा पावलं. मालकांनी जोर लावला. मी होतो तेवढा ताणला गेलो. ते अर्धे उठले आणि आपटले. पुन्हा उठले, पुन्हा आपटले. तिसऱ्यांदा मी सरळ दगा दिला. ते फरशीवर तोंडावर पडले, ओठ फुटला. स्वयंपाकघरातला आवाज बारीक होत चालला होता. मग मालक कोपरांवर सरपटत निघाले, मला मेलेल्या जनावरासारखं मागे फरफटत. ज्यानं जन्मभर धडं वाहिली, त्याला स्वतःचं धड वाहता येईना.

रक्ताशी मात्र त्यांची जुनी ओळख. खांद्यावरच्या टॉवेलनं मनगट करकचून आवळलं, बाईंचा हात उंच धरला आणि गल्ली गोळा होईपर्यंत बोंब ठोकली.

दवाखान्यात चौदा टाके पडले. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "आणखी थोडा उशीर झाला असता, तर टाक्यांची गरजच उरली नसती." मग मालकांकडे वळल्या. "आजोबा, हात छातीवर बांधा आणि खुर्चीतून उठून दाखवा."

उठता येईना. डॉक्टरीणबाईंनी माझ्यात अंगठा रुतवला. "इथलं मांस गेलंय."

"पण वजन तेवढंच आहे!"

"मांसाच्या जागी चरबी भरलीय. काट्याला त्यातलं काय कळणार?"

मांसाच्या भावात चरबी तोलली, याच गोष्टीवरून हजार गिऱ्हाइकं मालकांशी भांडली होती. त्यांनी स्वतःची मांडी चिमटीत धरून पाहिली. मग म्हणाले, "मला कुणी असं तोलून दिलं असतं, तर हात तोडला असता त्याचा."

"तोडा की मग स्वतःचा," मालकीणबाई खाटेवरून म्हणाल्या.

आता रोज सकाळी लाकडी खुर्ची भिंतीला टेकवून मांडतात. कवळी बसवलीय, ताटात अंडी, दूध, मऊ शिजवलेलं मांस असतं. मालक हात न लावता उठतात आणि बसतात. मी ठणकतो, पेटतो. मालकीणबाई जखमी हात गळ्यात अडकवून मोजतात. "सहा! माझं रक्त वाहत होतं आणि तुम्ही रांगत आलात! उठा! सात!"

मुलगा कळवळतो, "आई, मारशील त्यांना!"

"तू लाडानं मारत होतास, ते कुणाला दिसलं नाही. आठ!"

मालक शिव्या घालतात आणि उठतात. पुन्हा हाक आली तर पायांवर जायचं, एवढंच त्यांना हवंय. त्या लाथेतला मी परत येणार नाही. जो उरलोय, तो पंधरा पावलांपुरता तरी पुरायला हवा.

तुमच्या घरी कुणी म्हातारं असेल, किंवा तुम्हीच असाल, तर काट्याचं ऐकू नका. खुर्चीला विचारा. ती तोंडावर खरं सांगते.

काल अकरा झाले. आज मालक बाराव्यांदा उठायला पुढे वाकलेत, बाईंनी आवाज चढवलाय. येतो मी, कामाला बोलावणं आलंय.