सिल्व्हानोंनी काढून घेतलेलं नाव

“भारतीय घरात केशरी भिंत असतेच ना? सांग ना यांना!” दिग्दर्शक डेक्लनने मला सेटच्या मधोमध उभं करून विचारलं. चाळीस माणसं माझ्याकडे बघत होती. रंगारी ब्रश बुडवून तयारच होता.

“माझ्या घरात नाहीये,” मी म्हणाले. “आमच्याकडे घरमालकाने दिलेला पिवळट पांढरा रंग आहे. दहा वर्षं तोच.”

माझं तोंड फाटकं आहे, असं नंदकुमार लग्नापासून सांगतोय. त्या दिवशी ते आणखी फाटकं असायला हवं होतं.

मी कॉर्कजवळ रिंगास्किडीच्या एका औषध कारखान्यात गुणवत्ता तपासणीत आहे. सिनेमाशी माझा संबंध तिकिटापुरता. पण कॉर्कमध्ये एकट्या राहणाऱ्या मराठी शास्त्रज्ञ बाईवर सिनेमा निघाला आणि तिचं घर सेटवर उभारणारे नेपथ्यकार सिल्व्हानो बेल्लोनी एका रविवारी मोजपट्टी घेऊन आमच्या दारात आले. अठ्ठ्याहत्तर वर्षांचे, इटलीतल्या तोरिनोचे. आयरिश मुलीशी लग्न करून चाळीस वर्षांपूर्वी इथे, समुद्रकाठच्या डून लेरी गावी आले, ती गेल्यावरही तिथेच राहिले. सेट उभारता उभारता ते निर्मातेही झाले होते. का, ते त्यांनी आमच्या ओट्याची उंची मोजताना सांगितलं.

“भिंतीचा रंग वाळायला कोणी दोन दिवस देईना, सिन्योरा. म्हटलं, मग मीच निर्माता होतो.”

त्यांनी घरातलं प्रत्येक कपाट उघडायला लावलं. एकही आवरलेलं नव्हतं, मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. गरम पाण्याच्या टाकीच्या कपाटाला इथे हॉट प्रेस म्हणतात. त्यात टॉवेलांच्या मधोमध स्टीलचा डबा बघून ते थबकले. मी सांगितलं, विरजण लावलंय, इथल्या थंडीत दही दुसरीकडे कुठे लागतच नाही. म्हातारा इतका खूश झाला की डब्याचं झाकणसुद्धा मोजून घेतलं त्यांनी!

सेटवर तसंच हॉट प्रेस उभं राहिलं. आत टॉवेल, डबा, डब्यात खरं दही. सिनेमात ते दार एकदाही उघडणार नव्हतं. “अभिनेत्रीला माहीत असतं ना, आत काय आहे ते,” एवढंच ते म्हणाले.

आणि आता पैसा घालणाऱ्या लंडनच्या कंपनीला हे घर ‘पुरेसं भारतीय’ वाटत नव्हतं. हॉट प्रेस काढा, तिथे केशरी भिंत करा, झेंडूच्या माळा सोडा, पुरुषभर उंचीचा गणपती बसवा! सकाळी सहाची शिफ्ट गाठणारी बाई त्या गणपतीला हार कधी घालणार, शिडी लावून? माझ्या अंगाचा तिळपापड झाला.

“सर, तुम्ही निर्माते आहात. थांबवा ना हे,” मी सिल्व्हानोंना म्हणाले.

“निर्माता आहे म्हणूनच थांबवता येत नाही. मी अडून बसलो तर ते सिनेमाच गुंडाळतील. या सगळ्यांचं काम जाईल.”

त्यांनी बदलाच्या कागदावर सही केली. मग एक कोरा कागद मागून घेतला, त्यावर दोन ओळी लिहिल्या आणि डेक्लनला दिल्या. ‘नेपथ्यकार म्हणून माझं नाव या सिनेमावर घालू नये.’

“अहो, पन्नास वर्षांच्या कामातला शेवटचा सिनेमा आहे तुमचा!” डेक्लन म्हणाला.

“म्हणूनच,” ते म्हणाले, आणि रंगाऱ्याला वाट करून दिली.

घरी येऊन मी भांडी आदळली. नंदकुमार म्हणाला, “जाऊ दे गं, विभा. सिनेमाच आहे शेवटी. इट विल बी ग्रँड.” म्हणजे इथल्या बोलीत, होईल सगळं ठीक.

“ग्रँड काय, ग्रँड? त्या माणसाने आपलं दहीसुद्धा खोटं लावलं नाही, नंदू! आणि ज्यांनी आपल्या घरात कधी पाऊल टाकलं नाही, ते त्याला शिकवणार आपलं घर कसं असतं?”

मला रडू आलं, रागाने.

कॉर्कच्या थिएटरात पहिला खेळ झाला तेव्हा सिल्व्हानो माझ्या शेजारीच बसले होते. मागच्या रांगेतली बाई म्हणाली, “किती खरं वाटतं ना घर!” मी गर्रकन वळले, तर त्यांनी माझ्या दंडावर हात ठेवला.

सिनेमा संपला. निर्मात्यांत त्यांचं नाव आलं. मग छायाचित्रण, संकलन, वेशभूषा. नेपथ्यकाराची ओळच नव्हती. लोक कोट चढवून बाहेर निघाले. सिल्व्हानो बसून राहिले. अगदी शेवटी, बारीक अक्षरांत, सुतारांची आणि रंगाऱ्यांची नावं वर सरकू लागली, तेव्हा ते उभे राहिले आणि शेवटचं नाव जाईपर्यंत टाळ्या वाजवत राहिले.