डाव्या वळणाचं हिमोग्लोबिन

मित्रांनो, मी हिमोग्लोबिनची तारेची एक जुनी प्रतिकृती आहे. नाव रक्तातलं असलं तरी माझ्यात रक्ताचा थेंबही नाही. धारवाडच्या एका कॉलेजच्या प्रयोगशाळेत मी राहते.

१९९१ साली हुबळीत, गोकुळ रोडवरच्या बाबू मिस्त्रींनी मला घडवलं. आकृती इथे शिकवणाऱ्या सुधींद्र देवराणे सरांनी काढून दिली होती. बाबूंनी तारेत मणी ओवले. मण्यांचा क्रम हा प्रथिनाच्या रचनेचा पहिला स्तर. तार स्प्रिंगसारखी वळवली, तो दुसरा. ती वळलेली तार दुमडून तिची गुंडाळी केली, तो तिसरा. अशा चार गुंडाळ्या एकमेकींना जोडल्या आणि चौथा स्तर पुरा झाला.

सर मुलांना सांगत, "खऱ्या प्रथिनाचे स्फटिक करून त्यांतून क्ष-किरण सोडतात. फिल्मवर ठिपके उमटतात. त्यांवरून गणित करून कुठला अणू कुठे, ते ठरवतात." मुलं माझ्याकडे बघून वहीत आकृती काढत. मला फार अभिमान वाटे.

१९९८ साली मेधा मॅडम नव्याने शिकवायला आल्या. माझ्या वळणावरून बोट फिरवताना त्या थबकल्या.

"सर, खऱ्या प्रथिनात हे वळण उजवं असतं ना? हे डावं आहे."

सरांची नजर थेट शिपाई भीमसेनकडे गेली. "सुट्टीत तू हिला खाली काढली होतीस. पाडलीस आणि कशीतरी जोडलीस, होय की नाही?"

"देवराणे सर, देवाची शपथ! मी फक्त धूळ पुसली."

सरांनी त्याच्याकडून प्रयोगशाळेची किल्ली काढून घेतली. बारा वर्षं ती त्याच्या कमरेला होती. त्या दिवसापासून सर परीक्षानळ्यासुद्धा मोजू लागले. भीमसेन दारात थांबून विचारी, "आत येऊ का?" त्याने मला कधीच पाडलं नव्हतं. पण मी सांगणार कशी?

आठवड्याने मेधा मॅडमनी पेनमधली स्प्रिंग काढून सरांच्या हातावर ठेवली. "ही उलटी धरा, आडवी धरा, वळण तेच राहतं. नुसतं जोडताना ते बदलत नाही सर. सगळी तार नव्याने वळवावी लागेल."

"मग त्या मिस्त्रीनेच घोळ केला!" सर म्हणाले.

मॅडम गेल्यावर त्यांनी कपाटातून ती जुनी आकृती शोधून काढली. कागद उजेडात धरून त्यांनी तो पुन्हा पुन्हा उलटून पाहिला. पुस्तकावरून गिरवलेला तो पातळ कागद त्यांनी स्वतःच पालथा केला होता आणि मापं लिहून सही केली होती ती त्या उलट्या बाजूवर. त्यामुळे उजवं वळण डावं दिसत होतं आणि बाबूंनी दिसलं तसंच घडवलं होतं.

सरांनी इकडेतिकडे पाहिलं आणि कागद खिशात घातला. आता मला सरांचाच संशय येऊ लागला.

दुसऱ्या दिवशी भरल्या वर्गात सरांनी भीमसेनला आत बोलावलं. तो कागद टेबलावर पसरला. "चूक माझी होती. सात वर्षं मुलांना उलटं शिकवलं आणि आळ तुझ्यावर घेतला." त्यांनी किल्ली पुढे केली.

भीमसेनने ती लगेच घेतली नाही. "सर, तुम्ही मला विचारलंच नव्हतं. आधीच ठरवलं होतं."

"तेही माझंच चुकलं," सर म्हणाले. मग भीमसेनने किल्ली घेतली.

सर मला भंगारात टाकणार होते. मेधा मॅडम म्हणाल्या, "राहू दे सर. चूक कशी होते, तेही मुलांना दिसू दे." तेव्हा सरांनी एक चिठ्ठी लिहून माझ्यावर बांधली: 'हे वळण डावं आहे. चूक सुधींद्रची.'

आज मुलं संगणकावर प्रथिनं फिरवून बघतात. माझ्याकडे क्वचितच कुणी येतं. मित्रांनो, तुम्ही आलात तर ती चिठ्ठी नक्की वाचा. माझ्या तारा सरळ करू नका. आणि कुणावर आळ घेण्याआधी त्याला एकदा खरोखर विचारा, आणि तो काय सांगतो ते ऐका.