आवाराची किल्ली

दीपाली मुख्याधिकारी होऊन आली तेव्हा बिलोलीकडच्या त्या लहानशा नगरपंचायतीचा पार बोजवारा उडाला होता. पाण्याचा टँकर कुणाच्या तरी लग्नाला, ट्रॅक्टर कुणाच्या तरी शेतावर. तिनं आल्या आल्या गाड्यांच्या आवाराला भलंमोठं कुलूप ठोकलं आणि दोन्ही किल्ल्या आपल्या पर्समध्ये टाकल्या. मला विचारल्याशिवाय चाक हलायचं नाही, म्हणाली. हललंही नाही. डिझेलचं बिल निम्म्यावर आलं आणि बाईंचं जिल्ह्यात नाव झालं.

म्हणून तर आज नांदेडला, अधिकाऱ्यांच्या कार्यशाळेत, नेतृत्वावर बोलायला तिलाच उभं केलं होतं. ती बोललीही झकास. माझी माणसं आता माझ्या शब्दाबाहेर जात नाहीत, असं ती म्हणाली तेव्हा टाळ्या पडल्या. तिला मनातून गुदगुल्या झाल्या. का होऊ नयेत?

व्यासपीठावरून उतरून तिनं मोबाईल पाहिला. अग्निशमन गाडीचा चालक गुंडप्पा, त्याचे कितीतरी फोन येऊन गेले होते. तिनं घाईनं फोन लावला.

"म्याडम, सुमनबाईच्या खानावळीला आग लागली. गाडी आवारात हाय अन् किल्ली तुमच्यापाशी."

तिचा हात पर्समध्ये गेला. दोन्ही किल्ल्या तिथंच होत्या.

"मग कुलूप तोडायचं ना. कशाची वाट बघताय?"

"तुमच्या फोनची," गुंडप्पा म्हणाला. "मागं टँकरवाल्या वैजनाथनं कुलूप तोडून मयताच्या घरी टँकर नेला, तवा तुम्ही त्याला नोटीस दिली. आम्ही समदे हातोडा घेऊन हितंच उभे हाव."

याच गुंडप्पानं, ती यायच्या आधीच्या पुरात, कुणाला न विचारता गळ्याइतक्या पाण्यात शिरून माणसं बाहेर काढली होती. गावात अजून सांगतात. त्या माणसाचं आपण हे काय करून ठेवलं?

"तोडा," ती कशीबशी म्हणाली. "आत्ता तोडा."

"सुमनबाईला लोकांनी वढून काढलं, म्याडम. हात भाजलेत तिचे. खानावळ गेली." गुंडप्पाच्या आवाजात राग नव्हता, तो नेहमीसारखाच अदबीनं विचारत होता. "आता जळायचं काई उरलं न्हाई. तरी तोडू का?"