चौदांतला एक ठोका

बशीतल्या टाचण्या थरथरल्या — म्हणजे डाकोटा विमान आलं, अकराचं, दिल्लीहून मुंबईला जाणारं. दामोदरने टाक खाली ठेवला आणि डावा कान खिडकीकडे केला. मोखाड्याच्या कचेरीत कारकून होऊन त्याला सात वर्षं झाली, पण एवढं एक रोज चुकत नव्हतं. आणि आज... डाव्या इंजिनात काहीतरी बिनसलं होतं. चौदा सिलिंडरांच्या लयीत एक ठोका नाही. पुन्हा नाही. मग डोंगराआड सगळाच आवाज गेला.

“देवराम, आज आवाज वेगळा होता का रे?”

शिपाई देवराम सूर्यमाळचा. रानात पान हललं तरी त्याला कळायचं. “नाय भाऊसाहेब. इमान तं रोजच्यावानीच गेला.”

तसं घाबरण्यासारखं काही नाही. एक सिलिंडर बंद पडलं तरी हे इंजिन माणसांना घरी आणून सोडतं — याच्याइतकं भरवशाचं यंत्र माणसाच्या हातून दुसरं झालं नाही, असं तो अजूनही छातीठोकपणे सांगे. युद्धात तीन वर्षं त्याने हीच इंजिनं उघडली, पुसली, जोडली. नंतर जव्हारच्या धावपट्टीवर, संस्थान होतं तोवर, कितवं सिलिंडर दगा देतंय ते तो डोळे मिटून सांगायचा, आणि बघणारे तोंडात बोट घालायचे. मग विलीनीकरण झालं. धावपट्टीवर गवत आणि याच्या हातात टाक... “पोटाला मिळतंय ना?” जानकी म्हणते. मिळतंय. बायकोचं तरी काय चुकलं?

पण तार करायला हवी. सांताक्रूझला, विमानतळाच्या वर्कशॉपात — डावं इंजिन तपासा. उद्या तेच विमान माणसं भरून पुन्हा उडेल. आणि काही निघालंच नाही तर? मोखाड्याचा कारकून कचेरीत बसून विमानं दुरुस्त करतो म्हणून हसतील. हसू देत. उजवा कान याच इंजिनांनी खाल्ला, आता डावाही गेला असेल, तर माझ्याजवळ माझं असं उरलं काय...

त्याने कोरा कागद ओढला. चार शब्द लिहिले, खोडले. वीस-पंचवीस माणसं असतील आत, कोणाच्या मांडीवर मूल असेल. सुखरूप उतरू देत, तो मनाशी म्हणत होता — आणि त्याच दमात, अगदी त्याच दमात, इंजिन खरंच बिघडलेलं निघावं असंही त्याला वाटत होतं. त्याला स्वतःची शिसारी आली. वाटणं मात्र जाईना. तो पुन्हा लिहू लागला; हात घाईत होता, पण ही तार त्या माणसांसाठी चाललीय असं आता त्याला म्हणवत नव्हतं.