तिच्या नावाचं झुडूप

चष्मेवाल्याला अख्ख्या गावाच्या डोळ्यांचे नंबर तोंडपाठ होते. स्वतःला मात्र नाकासमोरचं दिसेल तर शपथ! डॉक्टरांनी रोज चालायला सांगितलं आणि तेव्हापासून तर स्वारी वनस्पतिशास्त्रज्ञच झाली. गळ्यात भिंग, खिशात चिमटा आणि तोंडाने अखंड व्याख्यान. बायको म्हणायची, दारू नाही, पत्ते नाहीत, पाला हुंगतोय बिचारा, तर हुंगू दे.

एका रविवारी तो मागच्या दारातून ओरडला. "अगं, ये लवकर! सापडलं!"

तिला वाटलं, दुकानाची हरवलेली किल्ली सापडली. जाऊन बघते तर महाशय कपड्यांच्या दोरीखाली गुडघे टेकून बसलेले, आणि पुढ्यात ते पिवळ्या फुलांचं झुडूप. रस्त्याच्या कडेला हवं तेवढं उगवतं. मटारासारखं फूल, वाळल्यावर खुळखुळ वाजणाऱ्या शेंगा. शेळीसुद्धा त्याला तोंड लावत नाही.

"हे ते नव्हे," नवरा म्हणाला. "ते पुरुषभर उंच, हे गुडघ्याएवढं. ते विरळ, हे उशीसारखं गच्च. शिवाय एक शेंग नाही! जगात कुणी पाहिलेलं नाही असं झुडूप आहे हे. आणि मी त्याला तुझं नाव देणार आहे."

"माझं? का, मी बुटकी म्हणून?"

"अगं, कायमचं राहतं ते नाव. शेवटी फक्त एक लॅटिन शेपूट जोडायचं."

म्हणजे बघा. दुकानाच्या पाटीवर सासऱ्यांचं नाव, घर सासूच्या नावावर. नवऱ्याची ती 'अगं', लेकीची 'आई', गिऱ्हाइकांची 'वहिनी'. आईबापांनी हौसेने ठेवलेलं नाव पाहुण्यांसाठीच्या कपबश्यांसारखं कपाटात पडून होतं, आणि तसले पाहुणे काही येत नव्हते. आता मिळून मिळून काय मिळणार, तर रानातला झाडोरा! तिने नाक मुरडलं. पण भांडी घासताना तिने ते नाव शेपटासकट पुटपुटून पाहिलं. बरं वाटलं. खोटं कशाला बोला, फारच बरं वाटलं.

पुढे ती महिनाभर लेकीकडे राहून आली. धुतलेल्या चादरी घेऊन मागे गेली, तर झुडूप वाढून दोरीला टेकलेलं आणि त्याला हिरव्या शेंगा लोंबत होत्या. हुबेहूब रस्त्याच्या कडेचं! तेव्हा कुठे तिच्या डोक्यात प्रकाश पडला. चादरींना फुलांचे पिवळे डाग पडतात म्हणून रोज सकाळी खिळ्यावरची कात्री काढून ती त्याचे शेंडे उडवायची. वर्षानुवर्षं. जगात कुणी न पाहिलेलं झुडूप तिनेच तयार केलं होतं, कपडे वाळत घालता घालता.

नवऱ्याला याचा पत्ता नव्हता. महिनाभर तो दुकानात बसून जाड पुस्तकांत ते झुडूप शोधत होता. मागचं दार उघडून बघावं, एवढं साधं शास्त्रज्ञाला कसं सुचणार? विद्यापीठात वनस्पतिशास्त्र शिकवणाऱ्या बाईंना मात्र त्याने आमंत्रण धाडलं होतं.

सांगून टाकावं? तिने कात्री हातात घेतली, इकडे तिकडे पाहिलं आणि झुडूप गुडघ्याएवढं करून टाकलं. जन्मात एकदा तरी आपलं नाव कुठेतरी लागू दे, एवढंच तिच्या मनात होतं. पण चोराच्या मनात चांदणं. त्यानंतर दार वाजलं की तिची नजर आधी खिळ्यावरच्या कात्रीकडे जायची.

फुलं आली आणि बाईही आल्या. त्यांनी भिंग लावून एकेक फांदी पाहिली.

"हे छाटतं कोण?" त्यांनी विचारलं.

"छाटतंय कोण!" चष्मेवाला हसला. "निसर्गाची करणी आहे ही. फार तर एखादी शेळी येत असेल."

"शेळी एवढं सरळ कापत नाही."

चष्मेवाला घाईघाईने भिंग पुसायला लागला. आपल्या नावापायी या भोळ्या माणसाचं हसं होणार, हे तिला पाहवेना.

"मी छाटते," ती म्हणाली. "चादरींना डाग पडतात म्हणून." आणि कुणी पुरावा मागितल्यासारखी तिने खिळ्यावरची कात्री काढून दाखवली.

"मग हे रस्त्याच्या कडेचंच," बाई हळूच म्हणाल्या. "छाटून छाटून असं झालंय."

चष्मेवाला लालबुंद झाला. 'अगं' म्हणायला त्याने तोंड उघडलं, पण एवढ्या मोठ्या रागाला ते पुरेना. मग त्याने तिला नावाने हाक मारली. अख्ख्या नावाने, खणखणीत, शेजारच्या खिडक्या उघडतील अशी.

तिचे डोळे भरून आले. तिने कात्री खिळ्याला अडकवली आणि लग्नानंतर पहिल्यांदा त्या हाकेला ओ दिली.