फळावरची रेघ

लिंबाएवढं ते दगडी फळ तिने सकाळपासून शंभरदा तरी हातात फिरवलं असेल. पेन्सिलीने रेघ ओढायची, भिंगातून बघायची, खोडायची. परत ओढायची.

“अगं, दगड झिजेल अशाने,” यंत्रापाशी बसलेले मामा म्हणाले. प्रयोगशाळेत दगड कापायचं काम त्यांचं. सगळे त्यांना मामाच म्हणत.

“तुम्हीच ओढा ना, मामा.”

“छे! मागे एका साहेबांचा शंख कापला, तर वर्षभर माझ्याशी धड बोलले नाहीत. तेव्हापासून नियम. ज्याचा दगड, त्याची रेघ.”

ती खिडकीपर्यंत गेली, परत आली. लाखो वर्षांपूर्वीचं, दगड झालेलं असं एकच फळ तिला खाणीत तीन वर्षांत मिळालं होतं. आत बी आहे का, असली तर सरळ आहे की वळलेली, हे दिसल्याशिवाय झाडाचं कुळ ठरणार नव्हतं आणि तिचा प्रबंध जागचा हलणार नव्हता. पण पातं मिलिमीटरभर दगड खातं, आणि बी असून असून केवढी असणार!

शेवटी देठाच्या खुणेपासून तिने एक रेघ ओढली. “घ्या. कापा एकदाचं.”

पातं फिरू लागलं. खालच्या ताटलीत राखाडी पाणी ठिबकत होतं.

“हळू, मामा.”

“याहून हळू म्हणजे बंदच.”

पाणी काळं झालं.

या खाणीतल्या सुट्या बियांची साल कोळशासारखी काळी निघायची. म्हणजे बी होती! आणि पात्याखाली तिचीच पूड होत होती.

“थांबवा! थांबवा!”

मामांनी खटका दाबला. फळ अर्धवट चिरलेलं. “आता गं?”

पुढे कापलं तर उरलेलीही वाहून जाणार. नाही कापलं, तर दिसणार काय? मग तिला आठवलं, खाणीत बी असलेले दगड नेहमी बीच्या सालीलगतच फुटायचे.

“छिन्नी द्या.”

“ठोकणार? डोकं ठिकाणावर आहे ना?”

“रेघ माझी, मग घावही माझाच.”

फटीत छिन्नी बसवून तिने हलकाच टोला दिला. फळ उकललं. आत काळी, तुकतुकीत बी, आकड्यासारखी वळलेली. फक्त टोक नव्हतं.

“कुळ ठरलं?” मामांनी वाकून विचारलं.

“ठरलं,” ती म्हणाली; पण बसली नाही. ताटली दोन्ही हातांनी उचलून तिने काळं पाणी बाटलीत ओतायला घेतलं.

“ते कशाला आता?”

“टोक यात आहे.”

मामा खण उपसून बाटलीला बसेल असं झाकण शोधू लागले.